पायाचे दगड

एखाद्या वास्तूचे सौंदर्य न्याहाळताना तिच्या पायात काय गाडले गेले आहे, हे विचारावे की विचारू नये? प्रार्थनेसाठी ज्या फरशीवर आपण गुडघे टेकतो, तिच्याखालच्या दगडांची चौकशी करणे ही श्रद्धेची खूण म्हणावी की श्रद्धेतील उणीव? वरवर पाहता हा प्रश्न इतिहाससंशोधकांचा वाटतो. आमच्या मते तो सदसद्विवेकबुद्धीचा आहे. जगातील काही स्थळे अशी आहेत, की तेथे हा प्रश्न ग्रंथातून शोधून काढावा लागत नाही. तो डोळ्यांपुढे उभाच असतो. मेक्सिको देशाच्या युकातान प्रांतातील इसामाल हे त्यांपैकी एक.

मेरिदा या प्रांतिक राजधानीपासून इसामाल सुमारे सत्तर किलोमीटरवर आहे. मार्गदर्शकासह एका दिवसात पाहून परतावे, असे हे गाव. सहलीचा क्रमही ठरलेला : सकाळी माया लोकांचे प्राचीन पिरॅमिड, मग स्पॅनिश काळातील फ्रान्सिस्कन मठ, आणि दुपारी कारागिरांच्या कार्यशाळा. घोडागाडीतून फिरताना गावातल्या भिंती एकजात सोनेरी-पिवळ्या दिसतात. १९९३ साली पोप जॉन पॉल दुसरे येथे आले, त्यांच्या स्वागतासाठी गावाने हा रंग ल्याला असे सांगितले जाते. प्रवाशाला तीन युगांचे दर्शन एका तिकिटात घडते आणि तो तृप्त मनाने परततो. या तृप्तीविषयीच आम्हांला थोडे बोलावयाचे आहे.

येथे ‘माया’ हा शब्द आपल्या वेदान्तातला नव्हे, हे सांगणे न लगे. ते एका जनसमूहाचे नाव आहे आणि तो जनसमूह लुप्त झालेला नाही. २०२० च्या जनगणनेनुसार मेक्सिकोत युकातानी माया भाषा बोलणारे सुमारे पावणेआठ लाख लोक आहेत. म्हणजे प्रवासी ज्याला ‘वारसा’ म्हणून पाहतो, त्याचे वारस त्याच रस्त्यावरून चालत असतात. घोडागाडी हाकणाराही बहुधा त्यांच्यापैकीच.

इसामाल हे प्राचीन काळापासून तीर्थक्षेत्र होते. तेथील किनिच काकमो नावाचे पिरॅमिड सूर्यदेवाच्या एका रूपाला वाहिलेले. त्याची उंची सुमारे चौतीस मीटर, आणि पायथा इतका विस्तीर्ण की दुरून पाहणाऱ्याला ती गावाच्या मधोमध उगवलेली टेकडीच वाटावी. अशीच आणखी पिरॅमिडे येथे होती. त्यांपैकी पाप-होल-चाक या पिरॅमिडाचा माथा उतरविण्यात आला आणि उरलेल्या प्रचंड चौथऱ्यावर, त्याच दगडांनी, फ्रान्सिस्कन संघाने सेंट अँथनी ऑफ पादुआ यांच्या नावे मठ उभारला. १५५३ मध्ये सुरू झालेले हे काम १५६१ मध्ये पूर्ण झाले. रचनाकार फ्राय हुआन दे मेरिदा; हात अर्थातच माया मजुरांचे. उंच चढण चढून वर गेले, की कमानींच्या ओवऱ्यांनी वेढलेले भव्य प्रांगण समोर येते. तेथून पाहिले असता उत्तरेला किनिच काकमो दिसते. दोन उंचवटे एकमेकांकडे पाहत शतकानुशतके उभे आहेत.

या मठाशी ज्यांचे नाव कायमचे जोडले गेले, ते फ्राय दिएगो दे लांदा. १५४९ मध्ये तरुण वयात ते युकातानला आले, माया भाषा शिकले, पायी हिंडले, गोऱ्या जमीनदारांच्या जुलमाविरुद्ध त्यांनी आवाजही उठविला. १५५८ मध्ये त्यांनी ग्वातेमालाहून पवित्र मरियेची मूर्ती इसामालला आणली. तीच पुढे साऱ्या युकातानची आश्रयदात्री झाली. येथवरची कथा एखाद्या संतचरित्रात शोभावी.

परंतु १५६२ मध्ये मानी या गावाजवळील एका गुहेत बाप्तिस्मा घेतलेल्या माया लोकांच्या जुन्या देवमूर्ती सापडल्या. लांदा त्या वेळी तेथील फ्रान्सिस्कन संघाचे प्रांतिक प्रमुख होते. त्यांनी चौकशी आरंभिली. कबुलीजबाबासाठी माणसांना हात बांधून टांगण्यात आले, फटके मारण्यात आले. १२ जुलै १५६२ रोजी मानीच्या चौकात मूर्ती आणि माया लिपीतील ग्रंथ यांची होळी झाली. नंतरच्या अधिकृत तपासात चार हजार पाचशेहून अधिक स्त्रीपुरुषांचा छळ झाल्याची आणि त्यात १५८ जण मरण पावल्याची नोंद झाली. माया लोकांच्या हस्तलिखित ग्रंथांपैकी आज जगात अवघे चार शिल्लक आहेत. ग्रंथ जळताना त्या लोकांना फार दुःख झाले, हे स्वतः लांदा यांनीच लिहून ठेवले आहे. ते दुःख त्यांना दिसले. त्याचा अर्थ त्यांना कळला नाही.

आणि येथेच ही कथा अधिक अवघड होते. आपल्या कृत्याचा जाब देण्यासाठी स्पेनमध्ये असताना, १५६६ च्या सुमारास, लांदा यांनी युकातानविषयी एक ग्रंथ लिहिला. माया लोकांचे सण, पंचांग, शेती, वेशभूषा, देवळे यांचे सविस्तर वर्णन त्यात आहे. माया अक्षरचिन्हांची एक यादीही त्यांनी दिली. पुढे तीन शतके हा ग्रंथ अज्ञातवासात होता. ब्रासेर द बूरबूर या फ्रेंच धर्मगुरूला त्याची संक्षिप्त नक्कल माद्रिद येथे सापडली आणि १८६४ मध्ये ती प्रसिद्ध झाली. १९५२ मध्ये रशियन विद्वान युरी क्नोरोझोव्ह यांनी त्याच यादीच्या आधारे माया लिपी वाचण्याचा मार्ग दाखविला. ज्या हाताने ग्रंथ जाळले, त्याच हाताने लिहिलेल्या पानावरून जग आज ती लिपी वाचते.

काही जण यावरून म्हणतील की शेवटी सारे भल्यासाठीच झाले. आम्हांला हा निष्कर्ष मान्य नाही. देव वाकड्या रेषांतूनही सरळ लिहितो ही आपली श्रद्धा आहे. पण म्हणून वाकडी रेष सरळ ठरत नाही. जळालेले ग्रंथ परत आले नाहीत आणि ते १५८ जीवही परत आले नाहीत.

अशा स्थळी उभ्या राहणाऱ्या ख्रिस्ती माणसाला तीन उत्तरे सोपी वाटतात. पहिले उत्तर असे, की तो काळच तसा होता. पण तो काळ एकाच आवाजात बोलत नव्हता. ऑगस्ट १५६२ मध्ये, म्हणजे मानीच्या होळीनंतर अवघ्या काही आठवड्यांनी, बिशप फ्रान्सिस्को दे तोराल युकातानला पोहोचले. तेही फ्रान्सिस्कनच. त्यांनी हा छळ थांबविला, कैद्यांना मोकळे केले आणि लांदा यांच्याविरुद्ध स्पेनला लिहिले. त्याच शतकात बार्तोलोमे दे लास कासास हे डॉमिनिकन बिशप मूळ रहिवाशांच्या हक्कांसाठी राजदरबारी झगडत होते. हेच शुभवर्तमान वाचून, हाच झगा पांघरून माणसे वेगळे वागू शकत होती आणि वागली. यास्तव काळावर दोष टाकून आपली सुटका होत नाही. पुढे लांदा दोषमुक्त ठरले आणि तोराल यांच्या मृत्यूनंतर बिशप होऊन परतले, हेही सांगितलेच पाहिजे. न्यायालयाचा निकाल आणि सद्विवेकाचा निकाल नेहमी एकच असतो असे नाही.

दुसरे उत्तर याच्या उलट टोकाचे : जी वास्तू अन्यायावर उभी आहे तिच्यात प्रार्थना करणेच गैर. हे उत्तर तेजस्वी वाटते, पण ते मायांनाच विचारात घेत नाही. इसामालच्या मरियेपुढे साडेचार शतके ज्यांनी मेणबत्त्या लावल्या, ते प्रामुख्याने त्याच माया लोकांचे वंशज आहेत. १८२९ मध्ये जुनी मूर्ती आगीत नष्ट झाली, तेव्हा तिच्या जोडीची मूर्ती मेरिदाहून आणून बसविण्यात आली. भक्ती खंडित झाली नाही. १८४७ मध्ये माया शेतकऱ्यांनी गोऱ्या सत्तेविरुद्ध दीर्घ युद्ध पुकारले, तेव्हा १८५० पासून त्यांचे प्रेरणास्थान होता एक ‘बोलणारा क्रूस’, आणि तो त्यांच्याशी माया भाषेत बोलत असे. तो धर्मपंथ ख्रिस्तसभेच्या चौकटीत बसणारा नव्हता, हे खरे. परंतु जेत्यांनी लादलेली खूण जितांनी आपलीशी करून घेतली, हे त्यातून दिसते. त्यांची श्रद्धा उसनी आहे असे त्यांना बाहेरून सांगणे म्हणजे त्यांचे दुसऱ्यांदा काही हिरावून घेणे होय.

तिसरे उत्तर प्रवाशाचे, आणि आजकाल तेच सर्वांत लोकप्रिय आहे. पिरॅमिड सुंदर, मठही सुंदर, हस्तकलाही सुंदर. तिन्हींची छायाचित्रे घ्यावीत आणि पुढे जावे. येथे कोणी जिंकले नाही, कोणी हरले नाही, सारा केवळ संस्कृतींचा संगम! या उत्तरात कोणाचा द्वेष नाही, परंतु कोणाची आठवणही नाही.

दुपारच्या कार्यशाळांत गेले, की हे विस्मरण किती सहज घडते ते कळते. तेथे हेनेकेन नावाच्या वनस्पतीच्या धाग्यांपासून पिशव्या, दागिने, शोभेच्या वस्तू बनवितात. हेनेकेन म्हणजे आपल्याकडील घायपाताचीच बहीण. पात्यांतून वाख काढण्याची रीतही ओळखीची. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेतील गव्हाच्या पेंढ्या बांधणाऱ्या यंत्रांना या सुतळीची प्रचंड गरज भासली आणि युकातानचे जमीनदार गडगंज झाले. या ‘हिरव्या सोन्या’साठी राबणारा माया मजूर मात्र मालकाच्या कर्जात जखडलेला असे, आणि बापाचे कर्ज मुलाच्या माथी येई. मळ्यावर प्रार्थनालयही असे आणि फटके देण्याची जागाही असे. १९१४-१५ मध्ये क्रांतीच्या राजवटीने ही कर्जे रद्द केली. पुढे कृत्रिम धागे आले आणि तो धंदाच बसला. आज प्रवासी ज्या धाग्याचा नाजूक दागिना कौतुकाने गळ्यात घालतो, तो कधीकाळी एका जमातीच्या पायातली बेडी होता. हे ठाऊक झाले म्हणून दागिना टाकून द्यावा असे नाही. परंतु त्याच्या किमतीत घासाघीस करण्याचा उत्साह तरी ओसरावा.

मग खरे उत्तर कोणते? आपल्या धर्मशिकवणीनुसार पाप वैयक्तिक असते. लांदा यांचे पाप आमचे नव्हे, ते आम्ही कबूल करू शकत नाही. हे मान्य करूनही एक गोष्ट उरते. वाडवडिलांचे घर स्वीकारणारा त्यावरील बोजाही स्वीकारतो. लांदा यांनी आणलेली मूर्ती आमची, त्यांचा मठ आमच्या ख्रिस्तसभेचे भूषण, असे आम्ही म्हणत असू, तर मानीच्या चौकातली राख तेवढी परक्याची म्हणता येणार नाही. दोष वारशाने मिळत नाही, जबाबदारी मिळते. १२ मार्च २००० रोजी पोप जॉन पॉल दुसरे यांनी रोममध्ये ख्रिस्तसभेच्या लेकरांच्या गतकालीन पापांबद्दल जाहीरपणे देवाची क्षमा मागितली. २०१५ मध्ये पोप फ्रान्सिस यांनी बोलिव्हियात मूळ रहिवाशांवर झालेल्या अन्यायांबद्दल क्षमायाचना केली. या दोघांनी ती पापे केली नव्हती. तरीही क्षमा मागण्याचा अधिकार त्यांना होता, कारण वारसा त्यांनी नाकारला नव्हता.

हा प्रश्न आपणां मराठी ख्रिस्ती लोकांना परका नाही. बोरिवलीजवळच्या मंडपेश्वरच्या शैव लेण्यात सोळाव्या शतकाच्या मध्यास याच फ्रान्सिस्कन संघाच्या फ्राय अंतोनियो दो पोर्तो यांनी प्रार्थनालय केले आणि वर मठ बांधला. त्या मठाचे भग्नावशेष आजही उभे आहेत आणि लेण्यात मूळ शिल्पावर कोरलेला क्रूस आजही दिसतो. दुसरीकडे, १७३९ च्या चिमाजी आप्पांच्या विजयानंतर वसई भागातील चर्चच्या घंटा मराठी सरदारांनी नेल्या. भीमाशंकराच्या आणि नाशिकच्या नारोशंकराच्या देवळांत त्या आजही आहेत. वसईच्या किल्ल्यातील भग्न चर्च पाहून आपल्या मनात कालवाकालव होते, ती स्वाभाविक आहे. परंतु तीच कालवाकालव मंडपेश्वरात होत नसेल, तर आपले दुःख न्यायासाठी नसून केवळ आपल्या मालमत्तेसाठी आहे, असे म्हणावे लागेल. शिवाय आपण कोणाचे वारस? फिरंगी धर्मगुरूंचे, तसेच त्यांनी ज्यांची देवळे मोडली त्या इथल्या माणसांचेही. इसामालच्या माया स्त्रीप्रमाणे आपल्या धमन्यांतही दोन्ही बाजूंचे ऋण वाहते आहे.

प्रायश्चित्त साक्रामेंताची तीन अंगे आपण लहानपणी शिकलो : पश्चात्ताप, पापनिवेदन आणि भरपाई. इतिहासाच्या बाबतीत पश्चात्ताप म्हणजे दुसऱ्याचे दुःख आपले मानणे. निवेदन म्हणजे जे घडले ते न लपविता, न वाढविता सांगणे. आपल्या मुलांना धर्मशिक्षणाच्या वर्गात लास कासास सांगावेत तसे लांदाही सांगावेत. आणि भरपाई म्हणजे जे आज जिवंत आहेत, त्यांची भाषा, त्यांचे श्रम आणि त्यांचे देवाविषयीचे शब्द यांचा आदर करणे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्ये इतर धर्मांतील जे सत्य व पवित्र आहे ते ख्रिस्तसभा नाकारीत नाही, असे घोषित केले. इसामालच्या चौथऱ्यावर ही घोषणा चार शतके उशिरा पोहोचली. आपल्या दारी ती आली आहे, तेव्हा आपण तरी उशीर करू नये.

म्हणून इसामालला जाणाऱ्याने मठात अवश्य जावे आणि मरियेपुढे गुडघेही टेकावेत. फक्त तेथे प्रार्थना करताना दिएगो दे लांदा यांच्या आत्म्यासाठी आणि त्यांच्या चौकशीत मेलेल्या त्या १५८ जणांसाठी, दोघांसाठीही करावी. त्या फरशीवर टेकलेल्या गुडघ्यांना खालचे दगड जाणवले, तर प्रार्थनेत विक्षेप आला असे समजू नये. ती तिथूनच सुरू होते.