अर्जवाला म्हातारा

एक होता अध्यक्ष. त्याचे वडीलही अध्यक्ष होते. अमेरिकेच्या पहिल्या पन्नास वर्षांत ज्यांना दुसऱ्यांदा ते पद मिळालं नाही असे अध्यक्ष दोनच, आणि ते हेच बाप-लेक.

लेकाचं नाव जॉन क्विन्सी ॲडम्स. दहाव्या वर्षी वडिलांबरोबर युरोपात गेला, चौदाव्या वर्षी रशियाला निघालेल्या अमेरिकी वकिलाचा चिटणीस झाला, आणि पुढे हॉलंड, प्रशिया, रशिया, ब्रिटन अशा दरबारांत स्वतःच वकील म्हणून राहिला. परराष्ट्रमंत्री असताना 1819 साली त्याने स्पेनशी तह करून फ्लोरिडा मिळवला. 1823 सालचं जे धोरण अध्यक्ष मन्रोच्या नावाने जगभर ओळखलं जातं, त्यातली बरीचशी अक्कल याची. मुत्सद्दी म्हणून अव्वल. अध्यक्ष म्हणून मात्र बेताचाच. 1824 च्या निवडणुकीत जॅक्सनला याच्यापेक्षा जास्त मतं होती, पण निकाल प्रतिनिधीगृहाकडे गेला आणि खुर्ची याला मिळाली. ते लोक विसरले नाहीत. 1828 मध्ये जॅक्सनने त्याला सपाटून पाडलं. हा इतका रुसला की नव्या अध्यक्षाच्या शपथविधीलाही गेला नाही.

वय एकसष्ट. माजी अध्यक्षांना तेव्हा पेन्शन नव्हतं. ते सुरू व्हायला 1958 साल उजाडलं. त्यात थोरला मुलगा बोटीवरून पाण्यात पडून गेला. म्हातारा मॅसॅच्युसेट्समधल्या आपल्या गावी जाऊन झाडं लावत बसला.

1830 मध्ये आसपासची मंडळी दारात आली. म्हणाली, आमच्या भागातून प्रतिनिधीगृहात जाल का? विचारायलाही त्यांना संकोच वाटत होता. बायको आणि मुलगा दोघंही नको म्हणत होते. आपल्याकडे निवृत्त कलेक्टरसाहेबांनी उद्या तलाठ्याच्या टेबलावर बसून सातबारे काढून द्यायला घेतले, तर गाव काय म्हणेल? तसंच ते. म्हाताऱ्याने उत्तर दिलं ते असं, की लोकांनी निवडून दिलं तर साधा गावपंच होण्यातही माजी अध्यक्षाला कमीपणा नाही. मात्र मतं मागायला मी फिरणार नाही. तो फिरला नाही, आणि मोठ्या फरकाने निवडून आला. आजवरच्या कुठल्याही पदाने एवढा आनंद दिला नव्हता, असं त्याने रोजनिशीत लिहून ठेवलं. पगार नव्हता, अधिवेशन चालू असेल तेवढ्या दिवसांचा रोज 8 डॉलर भत्ता.

बोधकथेचं तात्पर्य शेवटी सांगायची रीत आहे. मी ते इथेच सांगून मोकळा होतो: माणूस खालच्या पायरीवर बसला म्हणून लहान होत नाही, तिथे बसून तो कुणाचं म्हणणं पुढे नेतो, त्यावर त्याचं माप ठरतं. आता गोष्ट निवांत ऐका.

डिसेंबर 1831 मध्ये सभागृहात आल्याबरोबर त्याने 15 अर्ज मांडले. पेनसिल्व्हेनियातल्या क्वेकर पंथाच्या लोकांचे. राजधानी वॉशिंग्टनमधली गुलामगिरी बंद करा, ही त्यांची मागणी. गंमत म्हणजे अर्ज मांडतानाच त्याने सांगितलं, की या मागणीला माझा पाठिंबा नाही. तोवरचा त्याचा लौकिकही काही गुलामांचा कैवारी असा नव्हता. उलट 1812 च्या युद्धात इंग्रजांनी नेलेल्या गुलामांची भरपाई मालकांना मिळावी म्हणून याच मुत्सद्द्याने ब्रिटनशी घासाघीस केली होती. पण लोकांचा अर्ज आला की तो सभागृहापुढे ठेवायचाच, एवढं त्याचं पक्कं होतं. बाकीचं शहाणपण त्याला विरोधकांनी शिकवलं.

ते असं. अर्ज वाढत चालले, दक्षिणेतले गुलामांचे मालक वैतागले, आणि 1836 मध्ये सभागृहाने ठराव केला: गुलामगिरीविषयीचा कुठलाही अर्ज वाचायचा नाही, छापायचा नाही, त्यावर चर्चा करायची नाही, आला की बाजूला टाकायचा. म्हणजे तोंड दाबून बुक्क्यांचा मार. माझं तोंड बांधलं आहे की नाही, असं म्हाताऱ्याने भर सभेत विचारलं. झालं उलटंच. ज्यांना गुलामगिरीचं फारसं सोयरसुतक नव्हतं तेही म्हणू लागले, अर्जसुद्धा करायचा नाही म्हणजे काय? अर्जांचे ढीग येऊ लागले, त्यांत बायकांच्या सह्या हजारोंनी. सगळे या म्हाताऱ्याच्या टेबलावर. अर्ज मांडायच्या दिवशी तो उभा राहायचा, एकेक कागद उचलायचा, कुणाचा, कुठून आलेला ते सांगायला लागायचा. सभापती हातोडा आपटायचे, हा दुसरा उचलायचा.

6 फेब्रुवारी 1837 चा दिवस तर ऐकण्यासारखा आहे. टक्कल पडलेलं, डोळ्यांतून पाणी गळतंय, हात थरथरतोय, आवाज चिरका. म्हातारा उठला आणि म्हणाला, माझ्याकडे एक कागद आहे, गुलामांनी पाठवलेला म्हणतात. हा अर्ज मी मांडला तर तो आपल्या ठरावात बसतो का, एवढं सभापतींनी सांगावं. सभापती होते जेम्स पोक. तेही पुढे अध्यक्ष झाले. त्यांना काही सुचेना, त्यांनी प्रश्न सभागृहावर ढकलला. मग जो गोंधळ उडाला! गुलामांचा अर्ज? या पवित्र सभागृहात? कुणी म्हणे कागद जाळा, कुणी म्हणे म्हाताऱ्यावर निंदेचा ठराव आणा, कुणी त्याला कोर्टात खेचायची भाषा करू लागला. म्हाताऱ्याने सगळ्यांना मनसोक्त ओरडू दिलं. मग शांतपणे म्हणाला, मी अर्ज मांडलेलाच नाही, फक्त विचारलं. आणि दुसरं, तो नीट समजून तरी घ्या. त्यात गुलामगिरी बंद करा असं नाहीच, मागणं बरोबर उलट आहे.

तो कागद बहुधा त्याला अडकवण्यासाठीच कुणा मालकाने पाठवलेला असावा. पण अडकले दुसरेच. चवताळलेल्या मंडळींनी काही दिवस वाद घातला, निंदेचा ठराव फसला, आणि शेवटी गुलामांना अर्ज करायचा हक्कच नाही, असं प्रचंड बहुमताने ठरवून त्यांनी समाधान करून घेतलं.

पुढे 1841 मध्ये 'आमिस्ताद' जहाजावरच्या आफ्रिकी बंदिवानांची बाजू मांडायला तो सर्वोच्च न्यायालयात उभा राहिला. वय त्र्याहत्तर, वकिली सोडून जमाना लोटलेला. पहिल्याच दिवशी चार तासांहून जास्त बोलला. माणसं सुटली. 1842 मध्ये हेवरहिल गावच्या लोकांचा, देशाची फाळणीच करा असा अर्ज त्याने मांडला. त्याला स्वतःला ते साफ नामंजूर होतं, पण अर्ज तो अर्ज. पुन्हा निंदेचा ठराव आला. स्वतःच्या बचावाच्या निमित्ताने जे विषय बोलायला बंदी होती ते सगळे तो दिवसेंदिवस बोलला, इतका की विरोधकांनाच तो ठराव गुंडाळावा लागला. एखाद्याला बोलू द्यायचं नसेल तर निदान त्याच्यावर खटला तरी भरू नये, हे त्यांना उशिरा कळलं.

3 डिसेंबर 1844 रोजी ती अर्जबंदी 108 विरुद्ध 80 मतांनी उठली. ठराव म्हाताऱ्याचाच.

21 फेब्रुवारी 1848 ला मेक्सिकोच्या युद्धातल्या सेनापतींच्या गौरवाचा विषय निघाला. हे युद्ध त्याला मुळातच अमान्य होतं. त्याने खणखणीत 'नाही' म्हटलं आणि थोड्या वेळाने आपल्याच टेबलाशी कोसळला. दोन दिवसांनी त्याच इमारतीत, सभापतींच्या खोलीत तो गेला. त्या सभागृहात तेव्हा इलिनॉयचा एक नवखा सभासद होता, अब्राहम लिंकन.

क्वेकरांच्या त्या 15 अर्जांतलं मागणं मंजूर व्हायला तीस वर्षं लागली. राजधानीतली गुलामगिरी बंद करणाऱ्या कायद्यावर 16 एप्रिल 1862 रोजी सही झाली, ती याच लिंकनची. कायद्याने मालकांना माणशी 300 डॉलरपर्यंत भरपाई दिली. सुटलेल्या माणसाला 100 डॉलरपर्यंत, तेही तो देश सोडून जायला तयार असेल तर. भरपाईसाठी मालकांनी शेकडो अर्ज केले, आणि ते एकूण एक घेऊन तपासायला सरकारने तीन जणांचं मंडळ नेमलं.