यंत्राची परीक्षा कीं कानाची?

सदाशिव पेठेंतील आमच्या एका स्नेह्यांनीं नुकतेंच एक खिशांत मावणारें संगीतयंत्र घेतलें. त्यावरून ना कोणाशीं बोलतां येतें, ना निरोप धाडतां येतो. उत्तम गाणें ऐकविणें एवढाच त्याचा धर्म. किंमत मात्र एखाद्या चांगल्या तंबोऱ्याच्या जोडीची! "कान असेल तर फरक कळेल," असें म्हणून त्यांनीं तें आमच्या हातीं दिलें, आणि या एका वाक्यानें आमची मोठी पंचाईत झाली. कारण फरक कळला नाहीं असें म्हणणें म्हणजे आपल्याला कानच नाहीं अशी कबुली देणें! ज्या पुण्यांत १९५३ पासून सवाई गंधर्व महोत्सव भरत आला, तेथें अशी कबुली देणें सोपें नाहीं. आम्हीं "वा!" म्हणून मोकळे झालों.

पण त्या "वा!"ची टोंचणी रात्रभर राहिली. दुसऱ्या दिवशीं आम्हीं एक परीक्षा सुचविली. स्नेह्यांच्या कन्येनें तेंच गाणें, त्याच हेडफोनांतून, कधीं त्या यंत्रावरून तर कधीं साध्या मोबाइलवरून ऐकवावें. कोणतें लागलें आहे हें आम्हांस दिसूं नये. आणि दोहोंचा आवाज मापून सारखा करावा. ही शेवटची अट महत्त्वाची, कारण किंचित् मोठा आवाज कानाला सहजच अधिक चांगला वाटतो. दहा खेपांत स्नेह्यांचें उत्तर सहा वेळां बरोबर आलें, आमचें पांच वेळां. नाणें उडवून उत्तरें दिलीं असतीं तरी निकाल फारसा निराळा लागला नसता.

म्हणून यंत्र खोटें, असें मात्र नव्हे. त्याची बांधणी भक्कम आहे, जड हेडफोन तें सहज चालवितें, आणि ऐन आलापींत कोणाचा फोन येत नाहीं. हे गुण त्याच्या पदरीं घातलेच पाहिजेत. परंतु साध्या सीडीवरहि सेकंदाला ४४,१०० नमुने असतात. मनुष्याच्या कानाची धांव सुमारें २०,००० कंपनांपर्यंत, व वयाबरोबर तीहि उतरत जाते. नवीं यंत्रें १,९२,००० नमुन्यांची ग्वाही देतात. आंकडा खरा, पण ऐकणारा कान तोच! १९३७ सालीं निवर्तलेल्या अब्दुल करीमखांसाहेबांच्या तीन-साडेतीन मिनिटांच्या ध्वनिमुद्रिका खरखरीसकट ऐकून ज्यांचे डोळे पाणावले, त्यांस कमी ऐकूं आलें असें कोण म्हणेल?

कोणी विचारील, एखाद्याला आनंद होत असेल, तर तो भ्रम मोडावा कशाला? स्वतःपुरता आनंद कोणीं खुशाल विकत घ्यावा. पण आपण अभिप्राय देतों तेव्हां दुसऱ्याचा पैसा खर्ची घालीत असतों; आणि "कान असेल तर" असें म्हणतों तेव्हां ज्याच्यापाशीं पैसा नाहीं त्याच्या रसिकतेवरहि डाग लावीत असतों. ज्यानें स्वतः किंमत मोजली आहे त्याला तर निःपक्षपाती राहणें अधिकच कठीण. कारण यंत्र सामान्य ठरलें कीं आपला शहाणपणाहि सामान्य ठरतो. म्हणून आपले पैसे वायां गेले असें निघालें तरी तें ऐकण्याची तयारी, ही परीक्षकाची पहिली पात्रता होय.

निकाल ऐकून स्नेही जरा खट्टू झाले. तेव्हां त्यांच्या कन्येनें विचारलें, "पण बाबा, गेला महिनाभर तुम्ही रोज रात्रीं तासभर स्वस्थ बसून गाणें ऐकतां. आधीं कुठें ऐकत होतां?" ते हंसले. तो तास यंत्रानें आणला कीं त्यासाठीं मोजलेल्या पैशानें, हें आम्हांस सांगतां येणार नाहीं. पण तो तास यंत्राच्या गुणांत जमा करूं नये. तो ऐकणाऱ्याच्या खातींच मांडावा. तो साध्या मोबाइलवरहि मिळाला असता, मात्र आधीं तो द्यावा लागला असता.