किल्ली शेजारी असते

गारगोटीहून पाटगावच्या वाटेला लागलं की गावागावांत कुलूपबंद घरं दिसतात. सोप्यावर धूळ, परड्यात कमरेएवढं गवत. हल्ली अशा घरांचे रील्स फिरतात, मागे एखादं उदास गाणं लावून. बघायला बरं वाटतं. पण त्या शांततेत नेमकं काय थांबलेलं असतं?

मातीच्या भिंतींचं कौलारू घर आपोआप उभं राहत नाही. चुलीचा धूर लागत होता तोवर वाशांना वाळवी कमी लागायची. जमीन सारवावी लागायची. मिरगाआधी कौलं चाळली नाहीत तर एक सरकलेलं कौल पुरे. भुदरगडचा पाऊस भिंतीच्या डोक्यावर उतरतो आणि भिंत बसते. म्हणजे शांतता ही बंद पडलेली कामं आहेत, त्यातली बरीचशी बायकांची. (घराच्या उताऱ्यावर त्यांची नावं क्वचितच असायची, पण तो वेगळा विषय.)

माणसं हौसेनं गेली नाहीत. इथली कितीतरी घरं मुंबईच्या गिरण्यांवर चालायची. १९८२ च्या संपानंतर काही जण परतले, काहींची मुलं तिकडचीच झाली. त्यांना कशाला बोल लावायचा? प्रश्न मागे राहिलेल्या शेजाऱ्याचा आहे. किल्ली बहुधा त्याच्याकडे असते. दिवाळीत तो त्या उंबऱ्यावरही पणती ठेवतो, वळवाच्या वाऱ्यानं हललेलं कौल बसवतो. त्याचा त्या घरावर काही हक्क?

कायदा म्हणतो, नाही. गोव्यातल्या एका घरावरून बहीण-भावाचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला, तेव्हा २०१२ मध्ये न्यायालयानं स्पष्ट सांगितलं, की राखणदार कितीही वर्षं राहिला तरी मालक होत नाही. बरोबरच आहे, नाहीतर कुणी कुणाला किल्ली देणार नाही. पण त्याच कायद्यात असंही आहे, की मालकाला न जुमानता, उघडपणे, ‘माझंच’ म्हणून सलग बारा वर्षं कब्जा ठेवला तर मालकाचा हक्क संपू शकतो. मायेनं सांभाळणाऱ्याला काही नाही, दांडगाई करणाऱ्याला मात्र घर मिळू शकतं. हे मला अजून पचलेलं नाही.

कागद मालकाकडेच राहावा. पण आठवण? गणपतीला दोन दिवस येणाऱ्याला त्या घरातलं आपलं लहानपण आठवतं. भिंत कुठल्या पावसात फुगली, ते शेजाऱ्याला आठवतं. घर विकायचं ठरलं की सह्या घेतात भावकीच्या, मुंबई-पुण्याहून बोलावून. शेजाऱ्याला कळतं ते परड्यात मोजणीचा टेप पसरल्यावर. मग कुणीतरी त्याच्या दारात येऊन किल्ली मागतं.