कालिया घाबरला म्हणून

गब्बरसिंगची दहशत कोणी उभी केली? उत्तर ठरलेले आहे: सलीम-जावेद यांची लेखणी, रमेश सिप्पींचे दिग्दर्शन, अमजद खानचा आवाज. ते खरेच. पण १५ ऑगस्ट १९७५ रोजी ‘शोले’ लागला तेव्हा प्रेक्षकाला अमजद खान फारसा ठाऊक नव्हता. या नव्या माणसाला किती भ्यायचे, हे कुणीतरी दाखवून द्यायला हवे होते. ते काम कालियाने केले, म्हणजे विजू खोटे यांनी.

प्रसंग आठवून पाहा. मार खाऊन परतलेले तिघे खडकांत उभे आहेत. गब्बर पिस्तुलातल्या सहापैकी तीन गोळ्या हवेत उडवतो, चक्र फिरवतो आणि तिघांवर एकेकदा चाप ओढतो. तिन्ही वेळा नुसता खटका. कालियाच्या वाट्याला वाक्ये मोजकीच. बाकी वेळ त्याने ऐकायचे आहे. आधी गयावया, मग वाचल्याचा अविश्वास, मग सरदार हसतोय म्हणून आपणही हसायचे ते लाचार हसू, आणि ते ओठांवर असतानाच गोळी. खलनायकाचा दरारा समोरच्याच्या चेहऱ्यावर दिसतो; तिथे दिसला नाही तर मोठमोठे संवाद नुसते ओरडणे होऊन बसतात. (या चित्रपटाला फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले ते एकच, संकलनाचे, एम. एस. शिंदे यांना. हा प्रसंग पुन्हा पाहिला की ते पटते.)

खोटे हे नाव चित्रपटसृष्टीला नवे नव्हते. वडील नंदू खोटे मूकपटांच्या काळातले नट, दुर्गा खोटे काकू, शुभा खोटे थोरली बहीण. एवढे गोत असूनही विजूंची जागा कायम पडद्याच्या कडेलाच राहिली. त्यांनी तीनशेहून अधिक चित्रपट केले असे सांगतात. त्यांतले बरेचसे विसरून जावेत असेच असणार. पोटासाठी काम करणाऱ्या नटाला पटकथा निवडण्याची चैन नसते.

तरीही त्यांनी आपला माल ओळखला होता. ‘अंदाज़ अपना अपना’तला (१९९४) रॉबर्ट पुन्हा खलनायकाचाच हस्तक, पण या वेळी गोंधळलेला, कामात चुका करणारा. एकाच हुकूमबरदार माणसाची ही दोन रूपे: एकात त्याचा जीव जातो, दुसऱ्यात आपण हसतो. ‘अशी ही बनवाबनवी’तला (१९८८) लीलाबाईंच्या बंगल्यावर डोळा असलेला बळी मराठी घराघरांत पोचला. दूरदर्शनवरच्या ‘ज़बान संभालके’मध्ये तर त्यांच्या पात्राचे नावच विठ्ठल बापूराव पोटे. खोटेंचा पोटे करून घेण्यात त्यांनाही मौज वाटली असावी.

३० सप्टेंबर २०१९ रोजी ते गेले. त्यांच्याबद्दलच्या बातम्यांत कालिया हे नाव आवर्जून आले. लोक याला नटाचे दुर्दैव म्हणतात. मला ते तितकेसे पटत नाही. खोटेंना निदान पात्राचे नाव तरी होते, आणि ‘शोले’च्या संवादांची ध्वनिमुद्रिका निघाल्यामुळे ते चौकाचौकांत वाजले. खरा प्रश्न त्या रांगेतल्या उरलेल्या दोघांचा आहे. तेही तितकेच घाबरले, तितकेच हसले, तितकेच मेले. त्यांची नावे तुम्हाला सांगता येतील?

हा केवळ स्मरणशक्तीचा मामला नाही. २०१२ च्या दुरुस्तीने स्वामित्व हक्क कायद्यात कलाकारांना व्यावसायिक वापरातून मानधनाचा हक्क मिळाला. पण त्याच दुरुस्तीत एक पुस्ती आहे: चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक आहे आणि उद्योगाच्या रिवाजाप्रमाणे ज्याचे नाव श्रेयनामावलीत येत नाही, तो बहुतेक बाबतींत कायद्याच्या दृष्टीने कलाकारच नाही. उद्योगाने नाव द्यायचे नाही, आणि नाव नाही म्हणून कायद्याने हक्क द्यायचा नाही. असा सोयीचा रिवाज कोण मोडेल?

पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून आहे. जुन्या चित्रपटांत गर्दीत उभे राहिलेले, एखादे वाक्य बोललेले कितीतरी जण अजून हयात आहेत. त्यांना त्या चित्रफितींसमोर बसवून चेहऱ्यांपुढे नावे लिहून घ्यायला हवीत. हे काम संग्रहालयाने हाती घ्यावे, आणि ते माणसे हयात असतानाच करावे.