न उघडलेल्या दालनांचे दुःख

'जर' आणि 'तर' ही मराठीतील दोन इवलीशी अव्यये. व्याकरणात त्यांचे काम दोन वाक्ये जोडण्यापुरतेच; परंतु माणसाच्या आयुष्यात ती कधी कधी अख्खे घर मोडून टाकतात. अंत्यविधीनंतर सांत्वनासाठी एखाद्या घरी गेलो, की ही जोडी आम्हां धर्मगुरूंच्या कानी हटकून पडते. 'आदल्या रात्रीच इस्पितळात नेले असते, तर बाबा वाचले असते.' 'त्या दिवशी मी त्याच्या हाती गाडीची किल्ली दिली नसती, तर...' जेथे मरण नाही, तेथेही हाच सूर: 'वाडी विकली नसती, तर भाऊ भाऊ दुरावले नसते.' घडून गेलेले दुःख माणूस हळूहळू पचवतो. न घडलेले सुख मात्र त्याला वर्षानुवर्षे छळते. या वेदनेच्या मुळाशी तत्त्वज्ञानातला एक फार जुना प्रश्न आहे. जे घडू शकले असते, पण घडले नाही, त्याला काही अस्तित्व आहे काय? आणि त्याचा जाब आपल्याला द्यावा लागतो काय?

प्राचीन ग्रीसमधील मेगारा नगरीच्या तत्त्ववेत्त्यांनी या प्रश्नाचा सोपा निकाल लावला होता. जे प्रत्यक्ष घडते तेवढेच शक्य, असे ते म्हणत. गवंडी बांधकाम करीत असेल तेव्हाच त्याच्या अंगी ते सामर्थ्य असते. हात थांबले की सामर्थ्यही संपले. ॲरिस्टॉटलने हे मत खोडून काढले. तसे असेल तर बसलेला माणूस कधी उठूच शकणार नाही, असे त्याने दाखवून दिले. शक्यता ही खरीच गोष्ट आहे. ती नसती तर कोणी पापातून उठला नसता आणि कोणाला आपल्या कृत्याबद्दल जबाबदारही धरता आले नसते.

पण मग न घडलेल्या शक्यतांचे काय होते? जर्मन तत्त्वज्ञ लायब्निट्स याने १७१० साली प्रसिद्ध झालेल्या 'थिऑडिसी' या ग्रंथाच्या शेवटी त्यांच्यासाठी एक कल्पित जगच उभे केले आहे. सेक्स्टस हा रोमचा उन्मत्त राजपुत्र. त्याच्या हातून ल्युक्रिशियावर घोर अत्याचार होतो. देवाने त्याला वेगळी बुद्धी का दिली नाही, असा प्रश्न थिओडोरस नावाच्या पुजाऱ्याला पडतो. स्वप्नात त्याला पिरॅमिडच्या आकाराचा एक भव्य महाल दिसतो. त्यात असंख्य दालने आहेत आणि प्रत्येक दालनात एकेक संपूर्ण जग आहे. एका दालनात सेक्स्टस दूरच्या नगरात जाऊन लहानशी बाग विकत घेतो, तेथे त्याला धन सापडते आणि लोकांचा लाडका होऊन तो सुखाने मरतो. दुसऱ्या दालनात तो थ्रेसच्या राजकन्येशी विवाह करून राजा होतो. शिखरावरच्या दालनात मात्र आपले खरे जग आहे. तेथे तो रोमला जातो, अत्याचार करतो आणि हाकलला जातो. या महालाला शिखर आहे, पण तळ नाही; खालची दालने संपतच नाहीत. परमेश्वराने सर्व जगे पाहून त्यांतले सर्वोत्तम तेच निवडले, असा लायब्निट्सचा निष्कर्ष. सेक्स्टसच्या पापातूनही पुढे रोमचे स्वातंत्र्य आणि वैभव उदयास आले, असे तो सांगतो.

ही कल्पना भव्य आहे. परंतु शोक करणाऱ्या आईला ती ऐकवून पाहावी! १ नोव्हेंबर १७५५ रोजी, सर्व संतांच्या सणादिवशी, लिस्बन शहर भूकंपाने उद्ध्वस्त झाले. त्यानंतर चार वर्षांनी व्होल्तेअरने 'कांदीद' लिहून या 'सर्वोत्तम जगा'ची निर्दय थट्टा केली. संत थॉमस अक्वायनस यांनी तर कित्येक शतके आधीच शिकवले होते, की परमेश्वर निर्माण केलेल्या कोणत्याही वस्तूपेक्षा अधिक चांगली वस्तू निर्माण करू शकतो. तेव्हा 'झाले तेच उत्तम' असे म्हणण्याची सक्ती आपल्या श्रद्धेने आपल्यावर केलेली नाही.

याच संदर्भात लुईस दे मोलिना या स्पॅनिश येशूसंघीय धर्मगुरूचे स्मरण होते. १५८८ साली त्यांनी मांडले, की कोणता मनुष्य कोणत्या परिस्थितीत स्वेच्छेने काय करील, हेही परमेश्वर जाणतो. त्यासाठी बायबलचे दाखले दिले जातात. शौल कईला नगरावर चालून येईल आणि तेथील लोक तुला त्याच्या स्वाधीन करतील, असे परमेश्वराने दावीदाला सांगितले. दावीद निघून गेला आणि ते घडलेच नाही. प्रभू येशूनेही म्हटले, की खोराजिन आणि बेथसैदा येथे झालेले चमत्कार सोर व सिदोन येथे झाले असते, तर त्या नगरांनी केव्हाच पश्चात्ताप केला असता. डॉमिनिकन पंडितांनी मोलिनांना कडाडून विरोध केला. अखेर १६०७ साली पोप पाचवे पॉल यांनी कोणत्याच पक्षाला दोषी न ठरवता हा वाद थांबवला.

त्या वादात आम्हांला पडायचे नाही. आमच्या मते महत्त्वाचे एवढेच, की महालाची किल्ली असलीच तर ती परमेश्वराच्या हाती आहे. 'लवकर नेले असते तर ते वाचले असते' असे म्हणताना आपण न पाहिलेल्या दालनातले वृत्त सांगत असतो. आपण नेमके एकच दालन कल्पितो, सुखाचे. दावीदाला दाखवलेले दालन संकटाचे होते. आपण किती संकटांतून न कळत निसटलो, याची मोजदाद कोणी ठेवतो काय?

येथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे. पश्चात्ताप वेगळा आणि 'जर-तर'ची खंत वेगळी. हातून खरोखर हयगय झाली असेल, आजारी वडिलांकडे दुर्लक्ष झाले असेल, तर ते पाप आहे आणि ते झाकण्याचे कारण नाही. त्याला नाव आहे, म्हणून त्याचे निवेदन होते. निवेदन होते, म्हणून क्षमाही मिळते. घडलेली गोष्ट न घडलेली करणे परमेश्वरालाही शक्य नाही, असे संत थॉमस म्हणतात; पण तो तिची क्षमा करू शकतो. याउलट, त्या वेळी जे उमगले ते प्रेमाने करूनही जो स्वतःला दोष देत राहतो, त्याच्यापाशी निवेदन करण्याजोगे पापच नसते. म्हणून त्याची खंत कोणत्याच क्षमेने मिटत नाही. तळ नसलेल्या महालात तो एकेक पायरी खाली उतरत राहतो, आणि वर घरात त्याची जिवंत माणसे त्याची वाट पाहत असतात.

बेथानीच्या मार्थेनेही 'जर' उच्चारले. प्रभू, तू येथे असतास तर माझा भाऊ मेला नसता, अशी तिची तक्रार; मरियेनेही नंतर तेच म्हटले. प्रभूने त्यांना रागावले नाही, त्यांचे म्हणणे खोडले नाही, की यातच तुमचे हित होते असेही ऐकवले नाही. तो रडला आणि कबरेकडे चालू लागला. पण मार्था आपल्या 'जर'पाशी थांबली नव्हती. आताही तू जे काही देवाकडे मागशील ते देव तुला देईल, असे ती पुढे म्हणाली.

आपल्या शेजारचे घर 'जर-तर'मध्ये अडकले असेल, तर तेथे पांडित्य घेऊन जाऊ नये. जवळ बसावे, रडणाऱ्याला रडू द्यावे. त्याचा खरोखर काही दोष असेल, तर त्याला पापनिवेदनाचा मार्ग दाखवावा. आणि योग्य वेळ येताच त्याला मार्थेचा तो शब्द आठवून द्यावा: 'आताही'. मोलिनांच्या ग्रंथात शिरायला पांडित्य लागते. हा शब्द म्हणायला मात्र मार्थेइतकी श्रद्धा पुरते.