बेसूर होऊ न देणारी वास्तू

एखाद्या कल्पित जगात असं सभागृह असेल की गायकाचा सूर जरा ढळला तर भिंतीच तो सावरून घेतील आणि लय चुकली तर छत ती जागेवर आणून ठेवेल, तर त्याला गाण्याचं वैकुंठ म्हणायचं की तुरुंग? प्रश्न पोरकट वाटेल. जादूच्या गोष्टींतले प्रश्न पहिल्यांदा तसेच वाटतात. पण हा वेष पालटून आलेला जुनाच धर्मप्रश्न आहे. ज्यात बेसूर निघूच शकणार नाही असं जग सर्वशक्तिमान परमेश्वराला रचता आलं नसतं का, आणि आलं असतं तर त्यानं ते का रचलं नाही? माझ्या मते नाही रचलं हे बरंच झालं. मात्र त्यासाठी जे समर्थन सहसा पुढे केलं जातं, ते अर्ध्या वाटेवरच थांबतं.

ते समर्थन सर्वांत देखणं मांडलं आहे टोल्किन यांनी. त्यांच्या मृत्यूनंतर, 1977 साली प्रसिद्ध झालेल्या ‘द सिल्मरिलियन’ची सुरुवातच गाण्यानं होते. इलुवातार हा परमेश्वर आयनूर नावाच्या दिव्य जीवांना एक धून देतो, ते ती फुलवतात आणि पोकळी भरून जाते. जग अजून झालेलंच नाही. आधी गाणं, मग वास्तू, असा हा उलटा क्रम आहे. त्या समूहात मेल्कोर आपलाच सूर घुसवतो; शेजारचे गोंधळतात, काही गप्प होतात, काही त्याच्या मागे जातात. इलुवातार त्याचा गळा आवळत नाही. तो दुसरी धून काढतो, मग तिसरी, आणि मेल्कोरचे सर्वांत उद्दाम सूर त्या तिसरीतच गुंफले जातात. पुढे पाण्याचा अधिपती उल्मो याला तो दाखवतो की मेल्कोरनं कडाक्याची थंडी सोडली, तर तिच्यातून हिम घडलं. दाहक उष्णता सोडली, तर ढग आणि पाऊस आले. टोल्किन श्रद्धावान कॅथलिक होते. देव वाइटातूनही चांगलं घडवतो हा त्या परंपरेतला जुना विचार त्यांनी इथे स्वररचनेत बसवला आहे.

दगडविटांच्या जगातला अनुभवही काही अंशी याच बाजूनं साक्ष देतो. 1895 साली हार्वर्ड विद्यापीठानं वॉलेस सबाइन या तरुण पदार्थवैज्ञानिकाकडे एक निकामी व्याख्यानगृह सोपवलं. तिथे उच्चारलेला शब्द साधारण साडेपाच सेकंद घुमत राही. तो विरायच्या आत पुढचे शब्द त्याच्या अंगावर येऊन पडत. दुसऱ्या नाट्यगृहातल्या गाद्या रात्री वाहून आणून सबाइननं मोजमापं घेतली, आणि त्या गणितावर 1900 साली बॉस्टनचा सिंफनी हॉल उभा राहिला. तिथला घुमारा दोन सेकंदांच्या आसपास आहे. आपल्या जवळचं उदाहरण विजापूरच्या गोलघुमटाचं. सज्जात केलेली कुजबुज पार पलीकडे पोचते, एक टाळी अनेकदा परत येते, बघे हरखून जातात. पण तिथे द्रुत तान घेतली तर तिचा चिखलच व्हायचा. घुमारा चुका झाकतो हे खरं. झाकताना तो दाणेदार सूरही गिळतो. वास्तू फार उदार झाली की गायक उरत नाही. यावर कुणी म्हणेल, सबाइननंही दुरुस्तीच केली ना? केली, पण खोलीची. वक्ता अडखळला तर त्या सुधारलेल्या खोलीत ते अडखळणं उलट जास्त स्वच्छ ऐकू येणार.

खरा आक्षेप मात्र याहून जड आहे. हिमाचं सौंदर्य कुणाला दिसतं? उबेत बसून खिडकीतून बघणाऱ्याला. त्याच थंडीत गारठून मेलेल्या माणसाला तिसऱ्या धुनेचं वैभव सांगून काय उपयोग? सगळी रचना ज्याच्या कानी पडते तो एकटा इलुवातार. बाकीच्यांच्या वाट्याला फक्त आपापला तुकडा. या आक्षेपाला टोल्किन यांच्या कथेत पुरतं उत्तर मिळत नाही, आणि बेसुराला मोकळीक देणं एवढ्यावरच देवाचं कर्तव्य संपलं असं मानायला मी तयार नाही. जी वास्तू सूर दुरुस्त करत नाही, तिनं निदान ऐकलं तरी पाहिजे. म्हणूनच या प्रश्नात मला आयनूरांच्या गाण्यापेक्षा औंढा नागनाथची आख्यायिका पुढे गेलेली वाटते. संत नामदेव देवळासमोर कीर्तन करत होते, पुजाऱ्यांनी त्यांना मागच्या बाजूला जायला लावलं. ते मागे जाऊन गाऊ लागले आणि देऊळच फिरून त्यांच्याकडे तोंड करून उभं राहिलं. गुरू ग्रंथ साहिबात नामदेवांची 61 पदं आहेत, त्यांतही हे देऊळ फिरतं. या जादूत सूर कुणी सावरलेला नाही. नामदेव जसे गात होते तसेच गात राहिले. बदलली ती दिशा. देव सगळीकडे असताना देवळाला फिरायची गरज काय, असं विचारता येईल. विचारावंही; विसोबा खेचरांनी याच औंढ्यात शिवलिंगावर पाय ठेवून नामदेवांना तोच धडा दिला असं सांगतात. पण गरज देवाला नव्हतीच. ज्यांनी दारं कुणासमोर उघडायची ते ठरवून टाकलं होतं, त्यांना अचानक आपण मागच्या अंगाला उभे आहोत हे दिसायला हवं होतं.

अर्थात प्रत्येक भिंत अशी फिरत नाही. अस्पृश्य मानल्या गेलेल्या संत चोखोबांसाठी पंढरपूरचं देऊळ फिरलं नाही. ते बाहेरच राहिले, आणि मंगळवेढ्याला कुसू बांधण्याच्या वेठीवर असताना ती भिंतच अंगावर कोसळून गेले. अशा मरणाला कुठल्याही धुनेत गुंफू नये. परंपराही तसं करत नाही. ती एवढंच सांगते की नामदेव मंगळवेढ्याला गेले, ढिगाऱ्यातलं एकेक हाड कानाशी धरत राहिले, आणि ज्यातून विठ्ठलनाम ऐकू आलं तेवढी हाडं पदरात घेऊन पंढरीला आले.