दोन अक्षरांचा आडोसा

सातपुड्यातील काठी या गावी होळीच्या रात्री आम्ही गर्दीत उभे होतो. अक्कलकुवा तालुक्यातली ही राजवाडी होळी पहाटे पेटते. तोवर रात्रभर ढोलावर नाच चालतो. नाचणाऱ्या बावांच्या उघड्या अंगावर पांढऱ्या ठिपक्यांची नक्षी, मस्तकी मोरपिसांचा टोप, कमरेला सुके भोपळे व घुंगरे. हा साज चढविण्यापूर्वी ही माणसे काही दिवस व्रत पाळतात. जमिनीवर निजतात, ब्रह्मचर्य राखतात. आमच्या शेजारी शहरातून आलेले काही तरुण मोबाईलवर चित्रण करीत होते. त्यांतला एकजण उघड्या अंगांकडे पाहून म्हणाला, "हे तर पॉर्नच झालं की!" सारे हसले. आम्ही गप्प राहिलो.

तो शब्द मात्र परतीच्या वाटेवर टोचत राहिला. आमच्या तरुणपणी 'पिवळी पुस्तके', 'ब्ल्यू फिल्म' असे शब्द होते. आत काय आहे हे ते सांगत नसत, पण ते उच्चारताना आवाज आपोआप खाली येई. 'पॉर्न' हा शब्द चारचौघांत खुशाल बोलला जातो. ताटातल्या पक्वान्नांच्या छायाचित्रांनाही आता 'फूड पॉर्न' म्हणतात. जिलेबीनेही एवढे सोसावे!

या शब्दाचे मूळ ग्रीक आहे. 'पोर्ने' म्हणजे वेश्या, आणि तिचे नाते 'विकणे' या अर्थाच्या क्रियापदाशी जोडले जाते. पोर्ने म्हणजे विकली जाणारी स्त्री. 'पोर्नोग्राफी' म्हणजे तिच्याविषयीचे लेखन. बोलीने शेपूट छाटले. लेखन गेले व मागे ती विकलेली स्त्री तेवढी उरली, आणि नेमकी तीच कोणाला दिसत नाही. मत्तयलिखित शुभवर्तमानाच्या एकविसाव्या अध्यायात प्रभू येशू मंदिरात मुख्य याजकांना सुनावतो, की जकातदार आणि वेश्या तुमच्या आधी देवाच्या राज्यात जातात. मूळ ग्रीक पाठात तेथे हाच शब्द अनेकवचनी आहे. ज्या स्त्रियांना प्रभूने राज्याच्या दारात आपल्यापुढे उभे केले, त्यांचे नाव आपण करमणुकीच्या मालाला दिले आहे.

येथे एक सावधगिरी हवी. देहाविषयी उघड बोलणे म्हणजे अश्लीलता नव्हे. र. धों. कर्वे यांच्या 'समाजस्वास्थ्य' मासिकावर अश्लीलतेचा खटला झाला, तेव्हा 1934 साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले. संततिनियमनाविषयीची कर्व्यांची मते आम्हां कॅथॉलिकांना पटणारी नाहीत. तरी वाचकांच्या लैंगिक शंकांना सरळ उत्तर देणारा माणूस कोणाला विकत नव्हता, हे मान्य केलेच पाहिजे. पोप जॉन पॉल दुसरे यांनी 1979 ते 1984 या काळात बुधवारच्या प्रबोधनांतून मानवी देहावरच चिंतन मांडले. लाज देहाची नाही. माणसाला वस्तू करणाऱ्या नजरेची आहे. काठीचा बावा उघड्या अंगाने नाचतो, पण तो कोणाच्या विक्रीला नाही.

शब्दाने काय झाकले जाते हे सर्वोच्च न्यायालयानेही ओळखले. 23 सप्टेंबर 2024 रोजी दिलेल्या निकालात न्यायालयाने 'चाइल्ड पोर्नोग्राफी' ही संज्ञा न्यायालयांनी वापरू नये असे बजावले, आणि बालकांचे लैंगिक शोषण व अत्याचार स्पष्ट सांगणारी संज्ञा कायद्यात आणावी असे संसदेला सुचविले. जुन्या नावात मूल एक विषय होते. नव्या नावात त्याच्यावर गुन्हा घडला आहे. मग अठरा वर्षे पूर्ण झालेल्या, पण फसवून, धाकाने वा गरजेपोटी कॅमेऱ्यासमोर आणलेल्या मुलीला कोणता शब्द? तिच्यासाठी आपल्याकडे अजून तीच दोन अक्षरे आहेत.

त्या रात्री ढोलांच्या आवाजात बोललेले ऐकू गेले नसते, अशी समजूत आम्ही पुढे घालून घेतली. ते खरे नव्हे. त्या शब्दाचा अर्थ आम्हांलाही ठाऊक आहे हे त्या मुलांना कळू नये, एवढीच लाज आम्हांला वाटली होती.